जळालेल्या खंडाची जागा

१

मोठ्या साहेबांचं फुटलेलं डोकं सगळ्यांत आधी मी पाहिलं, आणि तेही विसरलेलं फडकं आणायला गेले म्हणून. सकाळी साडेनऊला थोरल्या संग्रहाच्या दालनात मी धूळ पुसली होती आणि फडकं तिथंच राहिलं होतं. अकराला आत शिरले तर सातव्या आणि आठव्या रॅकच्या मधल्या बोळात साहेब पालथे पडलेले. वाटलं, चक्कर आली असेल. माणूस साठीकडे झुकलेला, जेवणाखाण्याचं ताळतंत्र नाही. "साहेब, अहो साहेब," म्हणत मी त्यांना खांद्याला धरून उताणं केलं.

डाव्या कानामागचं हाड आत गेलं होतं. केसांत रक्ताच्या गाठी, जबडा वाकडा झालेला, एक दात ओठातून बाहेर आलेला. एका घावात होणारं काम नव्हतं ते. कुणीतरी मारलं होतं, खाली पडल्यावर परत मारलं होतं, आणि मग आणखी एकदा. रॅकच्या पत्र्यावर, जमिनीवर, समोरच्या पुस्तकांच्या पाठींवर रक्त उडालेलं. माझ्या चपला त्यात चिकटल्या.

मी एकतीस वर्षं या ग्रंथालयात पुस्तकं जागेवर लावते. वाचक काढतात, टेबलावर टाकून जातात, मी लावते. हुशार माणसं, पण काढलेली वस्तू जागेवर ठेवायची म्हटलं की सगळ्यांचे हात गळतात! इथं मला सगळे अक्का म्हणतात, कारण माझा धाकटा भाऊ मला अक्का म्हणतो. तो आमच्याच तळघरात बाइंडर आहे. फाटलेली पुस्तकं शिवतो, कातडं चढवतो, पुस्तकाची पाठ हातोड्याने ठोकून गोल करतो. त्याचा तो हातोडा सगळ्या इमारतीत एकच आहे, गोल तोंडाचा, मुठीला सुतळी गुंडाळलेला.

तो हातोडा साहेबांच्या पायाशी पडला होता आणि त्याला केस चिकटले होते.

२

इन्स्पेक्टरबाई बुटक्या, अंगाने भरलेल्या, आणि धुळीने त्यांना शिंकांवर शिंका येत होत्या. आमच्याकडे धूळ काही कमी नाही. नाकाला रुमाल लावूनच त्यांनी भावाला विचारलं, "हातोडा तुमचा?"

"माझाच. आठव्या रॅकची फळी सैल झाली होती, ती ठोकायला दहाला वर आलो होतो. ढकलगाडीवर राहिला."

"आणि नऊ वाजता साहेबांशी भांडलात."

"भांडलो. ते बाइंडिंग खातं बंद करणार होते. पुस्तकं बाहेर पाठवणार म्हणाले. मी ओरडलो, सगळ्यांनी ऐकलं. मारलं नाही."

त्याच्या बोलण्यात एक शब्द खोटा नव्हता आणि एक शब्द कामाचा नव्हता. दुपारी त्याला गाडीत घालून नेलं. मी त्याची बाही धरली आणि सरळ विचारलं, "केलंस का रे तू?" त्यानं माझ्याकडे असं बघितलं की मला माझीच शरम वाटली. "नाही, अक्के," म्हणाला. तेवढंच. बायको गेल्यापासून त्याला माझ्याशिवाय कुणी नाही आणि मलाही त्याच्याशिवाय कुणी नाही. तो फासावर गेला तर मी घरी जाऊन करू काय?

मी इन्स्पेक्टरबाईंच्या मागेच लागले. त्या वैतागल्या, पण त्यांनाही माझी गरज होती. त्या दालनात जायला वाचनकक्षातून एकच दार, आणि दारातला रखवालदार येणाऱ्या प्रत्येकाला चेहऱ्यानं ओळखतो. साडेनऊ ते अकरा या वेळात साहेब सोडून चार माणसं आत गेली होती. भाऊ, छोट्या बाई, प्राध्यापक आणि यादीकाका. चौघंही एकेकटे गेले, एकेकटे बाहेर आले.

"चौघांचं मला सांगा," इन्स्पेक्टरबाई म्हणाल्या. "भावाची बाजू घ्यायला लागलात तर बाहेर काढीन."

छोट्या बाई म्हणजे उपग्रंथपाल. साहेबांच्या, म्हणजे ग्रंथपालाच्या, खुर्चीवर त्यांचा दहा वर्षं डोळा. त्यांनी ते लपवलंही नाही. "मला ती खुर्ची हवी होती, अजून हवी आहे. पण खुर्चीसाठी मी अर्ज करते, खून नाही करत," त्या फणकाऱ्याने म्हणाल्या. "मी फक्त एक आकडा ताडून बघायला गेले होते. पाच मिनिटं. साहेब तेव्हा तिथं नव्हते."

प्राध्यापक आमच्या ग्रंथालयाच्या दीडशे वर्षांचा इतिहास लिहीत होते. चार वर्षं लिहीत होते. त्यांना एक प्रश्न विचारला की उत्तर म्हणून व्याख्यान मिळतं. इन्स्पेक्टरबाईंनी ते शिंकत शिंकत सगळं ऐकून घेतलं. एका जहाजमालकाने मरताना आपली नऊ हजार पुस्तकं विद्यापीठाला दिली, तोच आमचा थोरला संग्रह. सत्तर वर्षांपूर्वी पूर्वेचं दालन जळालं. चारशे बारा पुस्तकं खाक झाली. त्यांची यादी आहे, तिला आम्ही जळीत यादी म्हणतो. तेव्हाच्या ग्रंथपालांनी जळक्या हातांनी ती स्वतः लिहिली, आणि तिच्यावर आजही त्यांच्या बोटांचे डाग आहेत.

"आणि गेल्या आठवड्यात साहेब मला म्हणतात, आगीचं प्रकरण छापू नका, ते खोटं आहे!" प्राध्यापकांचा आवाज चढला. "त्यांना म्हणे एक पत्र सापडलं होतं. आगीच्या आदल्या दिवशी तीन पेट्या पूर्वेच्या दालनातून तळघरात हलवल्याचं पत्र. म्हणजे जळीत यादीतली काही पुस्तकं जळलीच नव्हती. माझं सगळ्यांत चांगलं प्रकरण हो ते! मी खूप चिडलो होतो, हे मान्य करतो."

"मग ती पुस्तकं आहेत कुठं?"

"तेच साहेब शोधत होते. कोणी नेली ते कळलंय, असं ते परवा म्हणाले. नाव सांगितलं नाही."

शेवटी यादीकाका आत आले. आमचे जुने सूचीकार. निवृत्त होऊन आठ वर्षं झाली, पण रोज दहाला कापडी पिशवी घेऊन हजर. जळीत यादी सोडली तर इथली प्रत्येक यादी त्यांच्या हातची, म्हणून यादीकाका. मी इथं झाडू मारायला आले तेव्हा मला अक्षर ओळखीचं नव्हतं. बापानं मला शाळा दाखवली नाही. काकांनी जेवणाच्या सुट्टीत, जुन्या यादीच्या पाठकोऱ्या कागदांवर, मला वाचायला शिकवलं. साहेबांचं ऐकून ते असे रडले की इन्स्पेक्टरबाईंनी त्यांना पाणी दिलं आणि फारसं काही विचारलंच नाही.

संध्याकाळी पोलीस तळघरात उतरले. भावाच्या बाइंडिंग खात्यात, कातड्याच्या गुंडाळ्यांच्या मागे, तीन जुन्या पेट्या निघाल्या. तिन्ही रिकाम्या.

"झालं," इन्स्पेक्टरबाई रुमालाची घडी घालत म्हणाल्या. "चोरीही सापडली आणि चोरही."

३

तिसऱ्या दिवशी दालन साफ करायची परवानगी मिळाली. ज्या रक्तावर भावाचं नशीब टांगलेलं, ते मीच पुसायचं! बादली घेऊन मी त्या बोळात बसले. वास सुटला होता. डोळ्यांतून पाणी वाहत होतं, पण हात चालू ठेवला.

साहेब पडले त्याच्या वरच्या फळीवर एका जुन्या वनस्पतिकोशाचे खंड असतात. मोठे, कातडी बांधणीचे, हाताने रंगवलेली चित्रं असलेले. सात खंडांचा कोश, पण आमच्याकडे सहाच. चौथा जळीत यादीत. पाठींवरचं रक्त पुसायला मी तिसरा खंड उचलला आणि थबकले.

खंडाच्या खाली, फळीवर रक्त होतं. वाळलेलं, पुसट फरफटलेलं. पाचवा उचलला, त्याच्याखालीही. रक्त उडालं तेव्हा फळी रिकामी असल्याशिवाय पुस्तकाच्या बुडाखाली रक्त जाईल कसं? म्हणजे साहेबांनी पहिला घाव बसल्यावर फळी धरली असणार, खंड खाली कोसळले असणार, आणि पुढचे घाव रिकाम्या फळीसमोर बसले. मग खून करणाऱ्यानं खाली सांडलेले खंड उचलून परत फळीवर लावले.

समोर माणूस मरून पडलाय, हात रक्ताने भरलेत, आणि हा पुस्तकं लावतोय!

आणि दुसरी गोष्ट. तिसऱ्या आणि पाचव्या खंडाच्या मध्ये जागा सोडली होती. त्या सकाळी मी पुसलं तेव्हा दोन्ही खंड एकमेकांना चिकटून होते, हे मी कुणाच्याही डोक्यावर हात ठेवून सांगते. ही जागा करायला टोकाचा लोखंडी आधारसुद्धा सरकवला होता. मी बोटं लावून मोजली. बरोबर आठ बोटं.

मी धावत वाचनकक्षात गेले आणि तिथल्या फोनवरून इन्स्पेक्टरबाईंना बोलावून घेतलं.

"बघा," मी म्हटलं, "आमच्याकडे रीत आहे. पुस्तक वाचकाकडे गेलं असेल तर त्याची जागा तशीच ठेवायची, कारण ते परत येणार. हरवलं, जळलं, कायमचं गेलं, तर शेजारची पुस्तकं सरकवून जागा बुजवायची. इथं हाताला ती सवयच लागते. चौथा खंड सत्तर वर्षांपूर्वी जळाला. त्याच्यासाठी आमच्यातलं कोणीही जागा ठेवणार नाही."

त्यांनी शिंक आवरली. "पण याने ठेवली."

"कारण चौथा खंड जळला नाही हे त्याला माहीत आहे. खंड बाहेर आहे, म्हणून हातानं आपोआप जागा सोडली. त्याला स्वतःलाही कळलं नसेल."

"खंडांवर बोटांचे ठसे नाहीत."

"या दालनात सगळे सुती हातमोजे घालतात. दाराशी टोपलीत असतात. मोजून बघा, एक जोड कमी असेल."

एक जोड कमी होता.

इन्स्पेक्टरबाईंनी त्या जागेत आपली बोटं घालून बघितली. मग म्हणाल्या, "आठ बोटंच का? बाकीचे खंड तर चार बोटांचे आहेत."

याचं उत्तर मला माहीत नव्हतं. ते शोधायला मी तळघरात गेले, आणि गेले नसते तर बरं झालं असतं.

४

बाइंडर लोक वही ठेवतात. कुठल्या पुस्तकाच्या पाठीला किती रुंद कातडं कापलं, त्याची. पुढच्या वेळी परत मापायला नको म्हणून. भावाच्या खात्यात त्याच्या आधीच्या, त्याच्याही आधीच्या बाइंडरांच्या वह्या आहेत. दोन तास खोकत खोकत शोधल्यावर आगीच्या आधीच्या एका वहीत वनस्पतिकोश सापडला. एक ते सात, चौथा सोडून सगळ्यांची पाठ चार बोटं. चौथ्यापुढे लिहिलं होतं, "घडीचे नकाशे, आठ बोटं".

मी आनंदाने वही घेऊन वर पळाले. इन्स्पेक्टरबाईंनी ती वाचली आणि त्यांचा चेहरा उतरला.

"अक्का, हे माप आणखी कुठं लिहिलंय?"

"ग्रंथालयाच्या यादीत पानं आणि उंची लिहितात. जाडी नाही."

"म्हणजे चौथ्या खंडाची जाडी दोघांनाच माहीत असणार. ज्यानं तो खंड हातात घेतलाय त्याला, किंवा ज्याच्याकडे ही वही आहे त्याला. आणि वही तुमच्या भावाकडे आहे. पेट्याही त्याच्याकडे. हातोडाही त्याचाच."

मी भावाला सोडवायला गेले होते आणि स्वतःच्या हातानं त्याच्या गळ्यात दोर टाकून आले होते. तिथंच पायरीवर बसले आणि मोठ्यानं रडले. चारदोन वाचक बघत होते, बघू देत.

रडणं ओसरल्यावर डोकं चालायला लागलं.

"बाई," मी म्हटलं, "माझा भाऊ पुस्तक उभं लावतच नाही. बाइंडर पुस्तकं आडवी रचतात, वर वजन ठेवतात. त्याच्या घरी वर्तमानपत्रंसुद्धा आडवी. सांडलेलं पुस्तक त्यानं उचललं असतं तर एकावर एक रचलं असतं. तुम्ही त्याला आणा इथं. सहा खंड त्याच्यापुढे ठेवा, लाव म्हणा, आणि बघा. चौघांनाही लावायला सांगा. हात खोटं बोलत नाहीत."

इन्स्पेक्टरबाईंनी माझ्याकडे बघायचं टाळलं. "तिघांना सांगते. तुमच्या भावाला आणता येणार नाही."

"का?"

"आणता येणार नाही म्हटलं ना!" त्या खेकसल्या, आणि लगेच उठून गेल्या.

५

दुसऱ्या दिवशी सकाळी फळी धुऊन कोरडी केली. सहा खंड ढकलगाडीवर उलटसुलट ठेवले. इन्स्पेक्टरबाई एका शिपायाबरोबर पलीकडच्या रॅकमागे, नाकावर ओला रुमाल दाबून. शिंकल्या असत्या तर सगळंच मुसळ केरात.

मी एकेकाला बोलावत होते. सांगायला सोपं होतं. रक्त पुसून माझे हात कापतात, तेवढे खंड लावून द्या.

प्राध्यापक आले. खंड उचलता उचलता त्यांनी मला छापखान्यांचा इतिहास ऐकवला. पहिला, सहावा, दुसरा, पाचवा, त्यातला एक उलटा. चार वर्षं ग्रंथालयाचा इतिहास लिहिणाऱ्या माणसाला पुस्तक सुलट लावता येत नाही! मी मनातल्या मनात त्यांचं नाव खोडलं.

छोट्या बाई आल्या. त्यांनी कुरकुर केली, पण लावले नीट. एक, दोन, तीन, पाच, सहा, सात. घट्ट, एका रेषेत, तिसऱ्याला पाचवा चिकटवून. मला वाटत होतं खून यांनीच केला असणार. त्यांनी एक बोटभरसुद्धा जागा सोडली नाही. आता राहिलं कोण? यादीकाका. त्यांना मी नुसतं यादी पुरी करायला बोलावलं होतं.

काका आले ते माझ्या डोक्यावरून हात फिरवतच. "पोरी, जेवलीस का? तोंड बघ कसं झालंय."

"घास उतरत नाही, काका."

"हो ग. भावाचं होईल नीट. मी वकिलाशी बोलतो." त्यांनी टोपलीतले हातमोजे घातले. खंड घेतले. त्यांचे हात मला पाठ आहेत. पुस्तक उचलायचं ते बुडाशी धरून, पाठीला ताण न देता. लावताना बोलत होते. "आग लागली तेव्हा म्हणे शाई उकळत होती. धूर निळा होता. आमच्या आधीचे सूचीकार सांगायचे..."

एक. दोन. तीन. मग त्यांनी दोन्ही हात शेजारी शेजारी, बोटं मिटून, तिसऱ्या खंडाला टेकवून फळीवर ठेवले. इकडची चार बोटं आणि तिकडची चार. आणि त्यांच्या पलीकडे पाचवा उभा केला.

वाटलं, ओरडून सांगावं, काका, सरकवा तो खंड, लवकर सरकवा, त्या बघतायत! तोंड उघडलंही होतं. मग कोठडीतला भाऊ आठवला.

"काका," मी विचारलं, "ही जागा कुणासाठी?"

त्यांनी फळीकडे बघितलं. आपल्या हातांकडे बघितलं. मग माझ्याकडे बघितलं, आणि ते डोळे मी एकतीस वर्षांत पाहिले नव्हते.

"तुला मी शिकवलं," ते म्हणाले. "तुला शिकवायलाच नको होतं."

त्यांनी फळीवरचा लोखंडी आधार उचलला आणि मारला. मी डोक्यावर हात घेतला म्हणून वाचले. डाव्या मनगटात कड्डकन आवाज झाला आणि हाड कातडीतून वर आलं. दुसरा घाव खांद्यावर बसला. मी ढकलगाडीवर कोसळले. तिसऱ्यांदा हात उगारला तेव्हा ते रडत होते. रडत रडत मारत होते. इन्स्पेक्टरबाई मागून त्यांच्यावर धडकल्या, दोघंही रॅकवर आदळले, वरची पुस्तकं धडाधड खाली आली. शिपायानं काठी घातली. काकांचं कपाळ फुटलं, रक्त डोळ्यांत उतरलं, तरी ते आधार सोडेनात. शेवटी बाईंनी त्यांचा हात फळीच्या कडेवर आपटला, दोनदा.

जमिनीवर बसवल्यावर ते शांतपणे बोलायला लागले. तेहेतीस वर्षांपूर्वी तळघराला चुना द्यायचा होता, तेव्हा पेट्या त्यांना सापडल्या. आत एक्केचाळीस पुस्तकं, सगळी जळीत यादीतली.

"सांगितलं का नाही?" इन्स्पेक्टरबाईंनी विचारलं.

"सांगणारच होतो. एक रात्र ठेवून घेतली. मग एक आठवडा. जगाच्या लेखी ती पुस्तकं नव्हतीच, फक्त माझ्याकडे होती. एकेक पिशवीतून घरी नेली, पेट्या तिथंच राहिल्या. माझी पिशवी कोण तपासतंय? विकलं नाही हो मी एकही. वाचली. पुसली. मुलांसारखी सांभाळली."

"आणि साहेब?"

"साहेबांना कळलं. म्हणाले, एक खंड आणून दाखवा, मग बघू. मला वाटलं, दाखवला तर त्यांनाही मोह पडेल. माझा जुना, कामाचा निळा कोट घालून, खंड घेऊन आलो. त्यांनी तो हातात घेतला, म्हणाले, चला, आधी जागेवर ठेवू, मग पोलिसांना कळवू, इतिहासात तुमचंही नाव छापू. हसत होते. मी खंड मागितला, देईनात. ढकलगाडीवर हातोडा होता. खंड रक्ताने भरू नये म्हणून आधी तो काढून घेतला मी त्यांच्या हातातून. मग मारलं."

रक्ताने भरलेला कोट आणि हातमोजे त्याच पिशवीतून गेले होते. चौथा खंड त्यांच्या घरी कपाटात, मऊ कापडात गुंडाळलेला सापडला. त्याच्यावर रक्ताचा थेंबही नव्हता.

मला स्ट्रेचरवर घालत होते तेव्हा काका म्हणाले, "पोरी, हात हलवू नको, हाड सरकेल." मी त्यांच्या तोंडावर थुंकले. आजही मला त्याचा पश्चात्ताप नाही, आणि आजही वाचायला बसलं की त्यांची आठवण येते. दोन्ही खरं आहे.

६

भावाला सोडलं ते थेट इस्पितळात. माझं मनगट प्लास्टरमध्ये, मी त्याच्या वॉर्डात गेले. दाराशी इन्स्पेक्टरबाई उभ्या होत्या.

"कोठडीत काय चालतं ते मी बघितलं नाही," त्या म्हणाल्या.

"बघायला हवं होतं," मी म्हटलं, आणि आत गेले.

त्याचा चेहरा सुजून ओळखू येत नव्हता. दोन्ही हात पंज्यापासून कोपरापर्यंत बांधलेले. डॉक्टरांनी मला आधीच सांगितलं होतं. उजव्या हाताची चार बोटं मोडली होती. अंगठा परत वाकणार नाही. सुई धरता येणार नाही.

छोट्या बाईंनी माझ्याजवळ एक पत्र दिलं होतं. आता खुर्ची त्यांच्याकडे आली होती, आणि त्यांनी पहिली सही त्याच पत्रावर केली होती. बाइंडिंग खातं बंद होणार नाही. मी ते त्याच्यापुढे धरलं. त्यानं घ्यायला हात पुढे केला, मग बांधलेल्या हातांकडे बघून परत ठेवला.

"वाच तूच," म्हणाला.

मी वाचलं. तो हसला. फुटक्या ओठांनी हसता येईल तेवढं.

"मग सही कशी केलीस रे?" मला राहवेना. इन्स्पेक्टरबाईंनी मला तो कबुलीजबाब दाखवला होता. मी खून केला, असं लिहिलेलं, खाली त्याची वेडीवाकडी सही. "न केलेल्या खुनाची सही करतोस? मला अक्का म्हणतोस ना? एवढा मूर्ख कसा रे तू!"

"तीन दिवस नाही केली," तो म्हणाला. "बोटं मोडली तरी नाही केली. मग त्यांच्यातला एक म्हणाला, तू नसशील तर बहीण असेल, तीही आत जात होती, उद्या तिला आणतो. मग केली."

"अरे, पण मी काहीच केलं नव्हतं! मला आणलं असतं तर मी सांगितलं असतं!"

"मला माहीत होतं तू काही केलं नाहीस." त्यानं बांधलेले हात पांघरुणावरून थोडे वर उचलले. "मीही नव्हतं केलं, अक्के."

मी त्याच्या उशाशी बसले. नर्सनं जेवणाचं ताट आणून ठेवलं, आणि मी एका हातानं त्याला घास भरवायला लागले.